थेट दूरचित्रवाणी नाटक

थेट दूरचित्रवाणी नाटक म्हणजे स्टुडिओमध्ये नटसंच प्रयोग करीत असतानाच, आधी मुद्रित न करता, त्याच क्षणी प्रेक्षकांच्या घरच्या पडद्यावर दिसणारे नाटक होय. दूरचित्रवाणीच्या प्रायोगिक काळापासून १९५० च्या दशकाच्या अखेरीपर्यंत ब्रिटन आणि अमेरिका या दोन्ही देशांत दूरचित्रवाणीवरील बहुतेक नाटके याच पद्धतीने सादर होत असत. रंगभूमीप्रमाणे एकदा सुरू झालेला प्रयोग थांबविता येत नसे आणि चित्रपटाप्रमाणे दृश्ये तुकड्यातुकड्यांनी पडद्यावर मांडावी लागत. दोन्ही माध्यमांच्या अडचणी या प्रकाराच्या वाट्याला आल्या, सवलती मात्र फारशा आल्या नाहीत. तरीही या काळातील काही नाटकांनी पुढील पन्नास वर्षांच्या चित्रपट व दूरचित्रवाणी लेखनावर ठसा उमटविला. त्यांतील बहुसंख्य नाटके आज पाहता येत नाहीत, कारण ती प्रक्षेपित झाली त्याच क्षणी संपली.

थेट सादरीकरणाची कारणे

दूरचित्रवाणीचे चित्र साठवून ठेवण्याचे व्यवहार्य साधन १९५६ पर्यंत उपलब्ध नव्हते. चित्रपटाच्या फितीवर नाटक चित्रित करून ते नंतर प्रक्षेपित करणे शक्य होते. परंतु फीत, तिची रासायनिक प्रक्रिया व संकलन यांचा खर्च दर आठवड्याला नवे नाटक देणाऱ्या केंद्रांना परवडणारा नव्हता. ब्रिटनमध्ये कलावंतांच्या संघटनांचाही मुद्रणाला विरोध होता. एकदा मुद्रित झालेले नाटक पुनःपुन्हा दाखविले गेल्यास नटांचे काम कमी होईल, अशी त्यांना भीती वाटत असे.

याशिवाय एक तात्त्विक कारणही होते. घडत असलेली गोष्ट दुरून त्याच क्षणी दिसणे हाच दूरचित्रवाणीचा विशेष धर्म आहे आणि मुद्रित नाटक दाखविणे म्हणजे घरात छोटासा चित्रपट दाखविणे होय, असे अनेक निर्माते मानत. हे मत कितपत खरे आणि कितपत गरजेपोटी स्वीकारलेले, हे ठरविणे अवघड आहे. मुद्रणाची सोय झाल्यावर अनेक निर्मात्यांनी ती आनंदाने स्वीकारली, हेही लक्षात घ्यावे लागते.

पहिले प्रयोग

दूरचित्रवाणीवर सादर झालेले पहिले नाटक म्हणून ‘द क्वीन्स मेसेंजर’ या जे. हार्टली मॅनर्स यांच्या एकांकिकेचा उल्लेख केला जातो. ११ सप्टेंबर १९२८ रोजी अमेरिकेतील न्यूयॉर्क राज्यातल्या स्केनेक्टडी येथून जनरल इलेक्ट्रिक कंपनीच्या केंद्राने ती प्रक्षेपित केली. यंत्रणा अर्न्स्ट अलेक्झांडरसन या अभियंत्याने सिद्ध केली होती. तिच्यातून एका वेळी केवळ एका माणसाचा चेहरा ओळखता येण्याइतका दिसत असे. त्यामुळे नाटकातील दोन पात्रांसाठी दोन कॅमेरे समोरासमोर ठेवले गेले आणि तिसरा कॅमेरा फक्त हात व हातांतील वस्तू दाखविण्यासाठी राखून ठेवला. मुख्य नटांना जागेवरून हलता येत नसल्यामुळे पेला उचलणारे, पत्र देणारे हात वेगळ्याच दोन कलावंतांचे होते. दिग्दर्शक मॉर्टिमर स्टुअर्ट हातात नियंत्रणाची पेटी घेऊन एका कॅमेऱ्याचे चित्र मंद करीत व दुसऱ्याचे उजळीत. आवाज नभोवाणीवरून जात असे. पाहणाऱ्यांपुढील पडदा जेमतेम तळहाताएवढा होता.

ब्रिटनमध्ये १४ जुलै १९३० रोजी लुईजी पिरांदेल्लो यांची ‘द मॅन विथ द फ्लॉवर इन हिज माउथ’ ही एकांकिका जॉन लोगी बेअर्ड यांच्या लंडनमधील लाँग एकर येथील स्टुडिओतून बीबीसीने सादर केली. निर्माते लान्स सिव्हकिंग होते आणि मागचे चित्रफलक सी. आर. डब्ल्यू. नेव्हिन्सन या नामवंत चित्रकाराने रंगविले होते. बेअर्ड यांच्या यंत्रणेतील चित्र केवळ ३० रेषांचे असे आणि ते सेकंदाला साडेबारा वेळा उमटे. एवढ्या तुटपुंज्या चित्रात एका नटाकडून दुसऱ्याकडे जायचे तर मधली उलथापालथ लपवावी लागे. त्यासाठी चौकटी-चौकटींचा एक फलक नटापुढे सरकविला जाई, त्यामागे नट बदलत आणि फलक पुन्हा बाजूला होई. चेहऱ्याचे उंचवटे स्पष्ट दिसावेत म्हणून पांढऱ्या लेपावर गडद निळ्या-काळ्या रेषांनी भुवया, नाक व ओठ रेखाटत. प्रत्यक्षात पाहिले असता हे नट मुखवटे चढविलेल्या सोंगांसारखे वाटले असते. पडद्यावर मात्र त्यामुळेच ते माणसांसारखे दिसत. पंतप्रधान रॅम्से मॅक्डोनाल्ड यांनी आपल्या निवासस्थानी हे नाटक पाहिले.

एकांकिकेची निवड विचारपूर्वक केलेली होती. तिच्यात पात्रे थोडी, हालचाल जवळजवळ नाही आणि सारा भार संवादावर आहे. यंत्राला झेपेल अशी संहिता शोधणे हे थेट नाटकाच्या निर्मात्याचे पहिले काम ठरले, आणि पुढील तीस वर्षे ते तसेच राहिले.

अलेक्झांड्रा पॅलेसची तीन वर्षे

बीबीसीची नियमित दूरचित्रवाणी सेवा २ नोव्हेंबर १९३६ रोजी उत्तर लंडनमधील अलेक्झांड्रा पॅलेस येथून सुरू झाली. आरंभी बेअर्ड यांची २४० रेषांची आणि मार्कोनी-ईएमआय कंपनीची ४०५ रेषांची अशा दोन यंत्रणा आलटून पालटून वापरल्या जात. फेब्रुवारी १९३७ पासून केवळ दुसरी ठेवण्यात आली. स्टुडिओ सुमारे ७० फूट लांब व ३० फूट रुंद होता. एवढ्या जागेत नेपथ्य, तीन-चार कॅमेरे, ध्वनियंत्रणा, दिवे, नट आणि प्रसंगी वाद्यवृंद हे सारे बसवावे लागे.

पहिल्याच आठवड्यात, ६ नोव्हेंबर १९३६ रोजी, ‘मॅरिगोल्ड’ या वेस्ट एंडमध्ये चालू असलेल्या नाटकातील काही प्रवेश दाखविण्यात आले. वर्षभराने, ११ नोव्हेंबर १९३७ रोजी, पहिल्या महायुद्धाच्या युद्धविराम दिनाचे औचित्य साधून जॉर्ज मोर ओ’फेरॉल यांनी ‘जर्नीज एंड’ हे आर. सी. शेरिफ यांचे खंदकातील सैनिकांवरचे नाटक सादर केले आणि त्यात युद्धदृश्यांसाठी चित्रपटाच्या फितीचे तुकडे जोडले. फेब्रुवारी १९३८ मध्ये कारेल चापेक यांच्या ‘आर. यू. आर.’ या नाटकाचा काही भाग दाखविला गेला. ‘रोबो’ हा शब्द जगाला देणारे नाटक ते हेच. त्याच वर्षी १६ नोव्हेंबरला जे. बी. प्रीस्टली यांचे ‘व्हेन वी आर मॅरीड’ सेंट मार्टिन्स थिएटरमधून, प्रत्यक्ष प्रेक्षकांसमोर चाललेल्या प्रयोगावर कॅमेरे लावून, संपूर्ण प्रक्षेपित झाले.

नाट्यगृहांच्या मालकांना हा प्रकार फारसा मानवला नाही. घरबसल्या नाटक दिसू लागले तर तिकीट कोण काढणार, ही त्यांची शंका होती. वास्तविक युद्धापूर्वी ब्रिटनमध्ये जेमतेम २० हजारांच्या आसपास संच होते. १ सप्टेंबर १९३९ रोजी युद्धाच्या सावटामुळे सेवा बंद झाली ती ७ जून १९४६ रोजी पुन्हा सुरू झाली.

या केंद्रातील सुरुवातीच्या ‘एमिट्रॉन’ कॅमेऱ्यांत कॅमेरामनला दृश्य उलटे दिसत असे. एका कॅमेऱ्याचे चित्र क्षणात काढून दुसऱ्याचे क्षणात दाखविणे आरंभी शक्य नव्हते. एक चित्र हळूहळू विरत जाई व दुसरे उगवत येई, आणि त्यास काही सेकंद लागत. संवादाच्या ओघात बोलणाऱ्याकडून ऐकणाऱ्याकडे चटकन जाणे, हे चित्रपटात कधीच रुळलेले तंत्र येथे उपलब्ध नव्हते. त्यामुळे त्या काळच्या नाटकांची गती आजच्या प्रेक्षकाला संथ वाटली असती.

स्टुडिओतील अडचणी

प्रकाश व रंगभूषा. दुसऱ्या महायुद्धापूर्वीच्या कॅमेरा-नलिका फारशा संवेदनशील नव्हत्या. चित्र दिसण्यासाठी स्टुडिओत प्रखर दिवे लावावे लागत आणि त्यांच्या उष्णतेने रंगभूषा ओघळत असे. १९४० च्या दशकाच्या मध्यास अमेरिकेत आलेल्या ‘इमेज ऑर्थिकॉन’ या नलिकेमुळे बऱ्याच कमी उजेडात काम होऊ लागले. पण तिच्याही खोडी होत्या. चकाकणाऱ्या वस्तूभोवती काळे वलय उमटे आणि शुभ्र वस्त्र डोळे दिपविणाऱ्या डागासारखे दिसे. म्हणून पांढऱ्या शर्टाऐवजी फिकट निळा किंवा पिवळा शर्ट घालण्याची प्रथा पडली. कृष्णधवल पडद्यावर तो पांढराच भासे. एकाच वेळी चार बाजूंच्या कॅमेऱ्यांसाठी प्रकाशयोजना करणे ही आणखी वेगळी कसरत होती. चित्रपटात प्रत्येक दृश्यासाठी दिवे नव्याने लावता येतात. येथे एका कॅमेऱ्याच्या सोयीचा दिवा दुसऱ्याच्या चौकटीत नटाच्या चेहऱ्यावर छाया पाडीत असे.

कॅमेरा. कॅमेरे जड होते, चाकांच्या गाड्यांवर सरकविले जात आणि प्रत्येकाच्या मागे मनगटाएवढी जाड केबल असे. तीन-चार कॅमेरे एका नेपथ्याकडून दुसऱ्याकडे धावू लागले की केबलींचा गुंता होण्याचा धोका असे. म्हणून कोणत्या क्षणी कोणता कॅमेरा कोणत्या वाटेने जाणार, याचा आराखडा जमिनीच्या नकाशावर आधीच आखून ठेवीत. कॅमेऱ्याच्या पुढील फिरत्या चकतीवर निरनिराळ्या अंतरांची साधारणपणे चार भिंगे असत. भिंग बदलताना चित्र गरगरत असल्याने तो कॅमेरा ‘हवेवर’ नसतानाच ते करावे लागे. कोणता कॅमेरा हवेवर आहे, हे त्याच्यावरील लाल दिवा सांगे. प्रत्येक कॅमेरामनजवळ आपापल्या चित्रचौकटींच्या क्रमांकांची यादी असे आणि कानातील यंत्रातून नियंत्रण कक्षातील दिग्दर्शकाचा आवाज सतत येत असे.

ध्वनी. मायक्रोफोन एका लांब दांड्याला टांगून नटांच्या डोक्यावर धरला जाई. तो खाली आला तर चित्रात दिसे, वर गेला तर शब्द अस्पष्ट होत, आणि योग्य उंचीवर असला तरी त्याची सावली भिंतीवर पडण्याची शक्यता असेच. दृश्य बदलताना धावणाऱ्या माणसांची पावले ऐकू येऊ नयेत म्हणून स्टुडिओतील कामगार मऊ तळव्यांची पादत्राणे वापरीत. पार्श्वसंगीत वाजविणारा वाद्यवृंद अनेकदा शेजारच्या स्टुडिओत बसविला जाई. तेथील संचालक छोट्या पडद्यावर नाटक पाहत, त्याच वेळी वादकांना इशारे देत असे.

वेशांतर व स्थळबदल. हीच बहुधा सर्वांत मोठी अडचण होती. रंगभूमीवर पडदा पडतो, चित्रपटात चित्रीकरण थांबते. येथे एका प्रवेशाच्या शेवटच्या वाक्यानंतर त्याच नटाला स्टुडिओच्या दुसऱ्या टोकाच्या नेपथ्यात, दुसऱ्या पोशाखात, दम न लागलेला असा दिसायचे असे. त्यावर काही युक्त्या रूढ झाल्या. दोन पोशाख एकावर एक चढवीत आणि वरचा धावता धावता उतरवीत. प्रवेशाच्या अखेरीस मागे राहिलेल्या पात्राच्या चेहऱ्यावर, घड्याळावर वा शेकोटीतील ज्वाळांवर कॅमेरा काही क्षण रेंगाळे. प्रेक्षकाला तो दिग्दर्शकाचा भावपूर्ण विराम वाटे, वस्तुतः तेवढ्या वेळात नायक पळत असे. चाणाक्ष लेखक मुख्य पात्र नसलेला एखादा छोटा प्रवेश मध्ये घालीत. बाहेरच्या दृश्यांसाठी आधी चित्रित केलेले फितीचे तुकडे वापरीत आणि त्यामुळेही नटांना उसंत मिळे. परंतु फीत दाखविणारे यंत्र योग्य गतीला येण्यास काही सेकंद लागत असल्याने, तिची आज्ञा आधीच्या प्रवेशातील ठरावीक शब्दावर द्यावी लागे. नटाने ते वाक्य गाळले किंवा लांबविले तर चित्र अकाली येई वा पडदा रिकामा राही.

विस्मरण. मराठी रंगभूमीवरील प्रॉम्प्टर विंगेतून कुजबुजू शकतो. स्टुडिओतील मायक्रोफोन ती कुजबुजही लाखो घरांत पोहोचवील. ब्रिटनमध्ये यावर एक साधा उपाय होता. संहिता हातात घेऊन बसलेल्या साहाय्यकाजवळ एक कळ असे; ती दाबली की प्रक्षेपणातील आवाज क्षणभर बंद होई, तेवढ्यात नटाला वाक्य सांगितले जाई आणि कळ सोडली की आवाज पुन्हा सुरू होई. घरी बसलेल्यांना संच बिघडला की काय असे वाटे.

वेळ. नाटक ठरलेल्या मिनिटाला संपणे आवश्यक होते, विशेषतः अमेरिकेत, जेथे पुढील कार्यक्रमाची वेळ दुसऱ्या जाहिरातदाराने विकत घेतलेली असे. तालमीत मोजलेली वेळ आणि प्रत्यक्ष प्रयोगाची वेळ क्वचितच जुळे, कारण लाल दिवा लागताच घाबरलेले नट भराभर बोलत. म्हणून शेवटच्या अंकात गाळता येतील अशी वाक्ये आधीच ठरवून ठेवीत. मंचव्यवस्थापक कॅमेऱ्याशेजारी उभा राहून हात ताणल्यासारखे करी तेव्हा संथ व्हा, आणि बोट गोल फिरवी तेव्हा आटपा, असा अर्थ असे.

तालमी स्टुडिओत होत नसत. एखाद्या चर्चच्या सभागृहात वा भाड्याच्या दालनात जमिनीवर चिकटपट्ट्यांनी भिंती व दारे आखून नट दीड-दोन आठवडे सराव करीत आणि कॅमेऱ्यांसमोरची तालीम प्रयोगाच्या आदल्या दिवशी किंवा त्याच दिवशी होई. त्या काळच्या फजितींचे असंख्य किस्से सांगितले जातात. प्रेताने उठून चालू लागणे, दार न उघडणे, भिंत कोसळणे हे त्यांतील नेहमीचे. तेच किस्से निरनिराळ्या नाटकांच्या नावावर आढळतात, त्यामुळे ते जपूनच स्वीकारावेत.

अमेरिका: प्रायोजकांचे रंगमंच

एनबीसीवर ७ मे १९४७ रोजी सुरू झालेले ‘क्राफ्ट टेलिव्हिजन थिएटर’ हे अमेरिकेतील दीर्घकाळ चाललेल्या पहिल्या साप्ताहिक नाट्यमालांपैकी होय. ती १९५८ पर्यंत चालली. पाठोपाठ ‘फिल्को टेलिव्हिजन प्लेहाउस’ व सीबीएसची ‘स्टुडिओ वन’ या माला १९४८ मध्ये आल्या. नावांवरूनच दिसते की नाट्यमाला जाहिरातदाराच्या मालकीची असे. क्राफ्ट ही चीज बनविणारी तर फिल्को ही नभोवाणी व दूरचित्रवाणी संच बनविणारी कंपनी. जाहिरातीही थेट होत. क्राफ्टच्या जाहिरातींत निवेदकाच्या आवाजावर फक्त दोन हात पदार्थ तयार करताना दिसत.

दर आठवड्याला नवी संहिता हवी असल्याने नव्या लेखकांना मोठी संधी मिळाली. स्टुडिओच्या मर्यादांनीच त्यांच्या लेखनाला दिशा दिली: दोन-तीन खोल्या, थोडी पात्रे, थोडा काळ आणि चेहऱ्याच्या जवळ जाणारा कॅमेरा. पॅडी चायेफ्स्की यांचे ‘मार्टी’ हे नाटक २४ मे १९५३ रोजी फिल्कोच्या मालेत डेल्बर्ट मान यांच्या दिग्दर्शनाखाली सादर झाले. लग्न न जमलेल्या, दिसायला साधारण अशा खाटकाची ही गोष्ट. रॉड स्टायगर यांनी ती भूमिका केली. राजेरजवाडे नाहीत, खून नाही, मोठा प्रसंग नाही. यावरून १९५५ मध्ये निघालेल्या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा ऑस्कर पुरस्कार मिळाला. रेजिनाल्ड रोझ यांचे ‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’ २० सप्टेंबर १९५४ रोजी ‘स्टुडिओ वन’मध्ये सादर झाले. बारा ज्युरी, एक खोली, एक टेबल. थेट नाटकाच्या अटींत इतके चपखल बसणारे दुसरे कथानक सापडणे कठीण. सिडनी ल्युमेट यांनी त्यावर १९५७ मध्ये चित्रपट केला आणि बासु चॅटर्जी यांचा ‘एक रुका हुआ फैसला’ हा हिंदी चित्रपट याच कथेचे भारतीय रूप आहे. रॉड सर्लिंग यांचे ‘पॅटर्न्स’ १२ जानेवारी १९५५ रोजी इतके गाजले की महिन्याभरात, ९ फेब्रुवारीला, त्याच नटांना पुन्हा बोलावून ते पुन्हा थेट सादर करावे लागले.

काही दिग्दर्शकांनी मर्यादा मानण्यास नकार दिला. जॉर्ज रॉय हिल यांनी २८ मार्च १९५६ रोजी टायटॅनिक जहाजाच्या बुडण्यावरील ‘अ नाइट टु रिमेंबर’ क्राफ्टच्या मालेत सादर केले, तेव्हा १०७ नट, ३१ नेपथ्ये आणि ७ कॅमेरे वापरले गेले. ११ ऑक्टोबर १९५६ च्या ‘रिक्विम फॉर अ हेवीवेट’ या सर्लिंग यांच्या नाटकात अडचण वेगळीच होती. एड विन हे विनोदी रंगमंचावर आयुष्य घालविलेले नट प्रथमच गंभीर भूमिका करीत होते आणि तालमींत ते इतके अडखळत की ऐनवेळी उभा करण्यासाठी दुसरा नट तयार ठेवण्यात आला. प्रत्यक्ष प्रयोगात त्यांनी भूमिका उत्तम निभावली. त्यांचा मुलगा कीनन विन हाही त्याच नाटकात होता. या प्रकरणावर दिग्दर्शक राल्फ नेल्सन यांनी १९६० मध्ये ‘द मॅन इन द फनी सूट’ हे स्वतंत्र नाट्य केले व त्यात पिता-पुत्रांनी आपापल्याच भूमिका केल्या.

तांत्रिक अडचणींवर माणसे मात करीत. प्रायोजकाच्या हस्तक्षेपापुढे ती बऱ्याचदा हतबल ठरत. एमेट टिल या कृष्णवर्णीय मुलाच्या हत्येवरून सर्लिंग यांनी लिहिलेले ‘नून ऑन डूम्सडे’ एप्रिल १९५६ मध्ये सादर होईपर्यंत त्यातून दक्षिणेचा आणि वंशाचा उल्लेख पुसला गेला होता. १६ एप्रिल १९५९ च्या ‘जजमेंट ॲट न्युरेंबर्ग’ या नाटकाचा एक प्रायोजक इंधनवायू कंपन्यांची संघटना होती; म्हणून नाझींच्या छळछावण्यांतील विषारी वायूच्या उल्लेखाच्या वेळी ‘गॅस’ हा शब्द प्रक्षेपणातून गाळला गेला. ओठ हलताना दिसले, शब्द ऐकू आला नाही.

ब्रिटन: रविवार आणि गुरुवार

युद्धोत्तर काळात बीबीसीवर रविवारी रात्री सादर झालेले नाटक त्याच आठवड्यात, बहुधा गुरुवारी, पुन्हा दाखविले जाई. ‘पुन्हा दाखविणे’ याचा अर्थ सर्व नटांनी पुन्हा येऊन संपूर्ण प्रयोग नव्याने करणे असा होता.

नायजेल नील यांनी लिहिलेली आणि रुडॉल्फ कार्टियर यांनी सादर केलेली ‘द क्वाटरमास एक्स्पेरिमेंट’ ही सहा भागांची विज्ञानमालिका १९५३ च्या उन्हाळ्यात अलेक्झांड्रा पॅलेसमधील जुन्याच यंत्रसामग्रीवर थेट सादर झाली. शेवटच्या भागात वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये प्रकट होणारा राक्षस दाखवायचा होता आणि त्यासाठी पैसे नव्हते. नील यांनी हातमोज्यांना पालापाचोळा चिकटवून ते हातांत घातले आणि ॲबेच्या मोठ्या छायाचित्राला पाडलेल्या भोकांतून हात बाहेर काढून राक्षस उभा केला. ब्रिटनमधील रस्ते ओस पाडणाऱ्या मालिकेचा कळस म्हणजे लेखकाचे स्वतःचे हात होते.

याच जोडीचे ‘नाइन्टीन एटी-फोर’ हे जॉर्ज ऑर्वेल यांच्या कादंबरीवरील नाटक १२ डिसेंबर १९५४ रोजी लाइम ग्रोव्ह स्टुडिओतून सादर झाले. विन्स्टन स्मिथची भूमिका पीटर कुशिंग यांनी केली. छळाची दृश्ये पाहून अनेक प्रेक्षक हादरले, संसदेत निषेधाचे व समर्थनाचे ठराव मांडले गेले आणि गुरुवारचा प्रयोग रद्द करावा अशी मागणी झाली. बीबीसीने तो रद्द केला नाही. मुद्रित नाटकाच्या बाबतीत असा निर्णय म्हणजे फीत लावणे वा न लावणे एवढाच असतो. येथे एवढ्या वादंगानंतर नटांना तेच दोन तासांचे दिव्य पुन्हा करावे लागले. राणी व प्रिन्स फिलिप यांनी पहिला प्रयोग पाहिला होता व तो त्यांना आवडला होता, हे मध्यंतरी प्रसिद्ध झाल्यामुळे वादळ काहीसे शमले. १६ डिसेंबरच्या प्रयोगाला १९५३ च्या राज्याभिषेकानंतरच्या सर्वांत मोठ्या प्रेक्षकसंख्यांपैकी एक लाभली. आज जी प्रत उपलब्ध आहे ती या दुसऱ्या प्रयोगाची.

‘अंडरग्राउंड’, १९५८

थेट नाटकातील सर्वांत दुःखद घटना ३० नोव्हेंबर १९५८ रोजी घडली. ‘आर्मचेअर थिएटर’ या एबीसी कंपनीच्या मालेत मँचेस्टरजवळील डिड्सबरी स्टुडिओतून ‘अंडरग्राउंड’ हे नाटक चालू होते. अणुस्फोटानंतर लंडनच्या भुयारी रेल्वेत अडकलेल्या माणसांची ही कथा होती. निर्माते सिडनी न्यूमन व दिग्दर्शक विल्यम (पुढे टेड) कॉचेफ होते. प्रयोग चालू असताना, आपल्या दोन प्रवेशांच्या मधल्या वेळात, गॅरेथ जोन्स हे ३३ वर्षांचे नट हृदयविकाराच्या झटक्याने कोसळले व मरण पावले.

प्रयोग थांबविण्यात आला नाही. ज्या प्रवेशांत जोन्स यांचे काम होते ते त्यांच्याविना पार पाडावे लागणार होते. जाहिरातींच्या मध्यंतरात कॉचेफ यांनी संवादांची फेरवाटणी केली, नटांना नव्या जागा दिल्या आणि कॅमेरामनना आखलेला क्रम विसरून समोर जे घडेल ते टिपण्यास सांगण्यात आले. घरच्या प्रेक्षकांना काही घडल्याचे कळले नाही. एक माणूस काही पावलांवर मरण पावलेला असताना ‘प्रयोग चालूच राहिला पाहिजे’ हा रंगभूमीचा दंडक येथे कितपत लागू करावा, याविषयी पुढे मतभेद झाले. त्या रात्री विचार करण्यास कोणालाच अवधी नव्हता. या घटनेने ब्रिटनमधील थेट नाटक संपविले असे म्हटले जाते, ते मात्र अतिशयोक्त आहे. ध्वनिचित्रफीत तेव्हा येऊ घातलीच होती.

मुद्रण आणि लोप

ध्वनिचित्रफितीपूर्वी नाटक जतन करण्याचा एकच मार्ग होता: पडद्यासमोर चित्रपटाचा कॅमेरा ठेवून पडद्याचेच चित्रण करणे. अमेरिकेत यास ‘किनेस्कोप’ म्हणत व १९४७ पासून तो वापरात आला. अमेरिकेच्या पूर्व व पश्चिम किनाऱ्यांवरील वेळांत तीन तासांचा फरक असल्याने न्यूयॉर्कमधील नाटकाची अशी फीत घाईघाईने धुऊन त्याच रात्री पश्चिमेत दाखविली जाई. चित्र धूसर येई. ‘क्वाटरमास’च्या दुसऱ्या भागाच्या मुद्रणात पडद्यावर बसलेला एक कीटक बराच वेळ दिसतो, या मुद्रणाच्या दर्जावर बीबीसी समाधानी नव्हती आणि उरलेले चार भाग मुद्रित झालेच नाहीत. ‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’च्या मूळ प्रयोगाचा अर्धाच भाग उपलब्ध होता, संपूर्ण प्रत २००३ मध्ये सापडली.

अँपेक्स कंपनीने एप्रिल १९५६ मध्ये शिकागो येथे दोन इंच रुंदीच्या फितीवरील ध्वनिचित्रमुद्रण यंत्र दाखविले आणि त्याच वर्षी ३० नोव्हेंबरला सीबीएसने बातम्यांच्या पुनःप्रक्षेपणासाठी ते वापरले. नाट्यविभागात बदल एका रात्रीत झाला नाही. फीत महाग होती, ती कापून जोडणे किचकट होते आणि कापलेली फीत पुन्हा वापरता येत नसे. त्यामुळे काही वर्षे नाटके मुद्रित होत, पण सलग, न थांबता, जणू थेट असल्याप्रमाणेच. महाग फीत पुन्हा वापरता यावी म्हणून जुने कार्यक्रम पुसले जात, आणि अशा रीतीने मुद्रणाच्या युगातीलही पुष्कळ नाटके नाहीशी झाली.

भारतातील संदर्भ

भारतात दूरचित्रवाणीचे प्रायोगिक प्रक्षेपण १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत आकाशवाणी भवनातील तात्पुरत्या स्टुडिओतून सुरू झाले, तेव्हा पाश्चात्त्य देशांतील थेट नाटकाचा काळ मावळत होता. बीबीसीत दूरचित्रवाणीचे प्रशिक्षण घेतलेले पु. ल. देशपांडे हे या केंद्राच्या आरंभीच्या निर्मात्यांपैकी होते. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले.

नंतरचे प्रयत्न

थेट नाटक अधूनमधून, बहुधा स्मरणोत्सवाच्या भावनेने, पुन्हा सादर केले जाते. अमेरिकेत सीबीएसने ९ एप्रिल २००० रोजी ‘फेल सेफ’ हे अणुयुद्धाच्या भीतीवरील नाटक कृष्णधवल व थेट सादर केले. २ एप्रिल २००५ रोजी बीबीसीने ‘द क्वाटरमास एक्स्पेरिमेंट’चा संक्षिप्त प्रयोग थेट दाखविला, नटांपैकी काहींची वाक्ये चुकली आणि नाटक ठरलेल्या वेळेआधीच संपले.